शार्त्रचे पाथरवट गुलाम नव्हते, आणि काच वाहत नाही

गेल्या महिन्याभरात एकच मजकूर मला चार ग्रुपवर आला. वर पॅरिसच्या नोत्र दामचा फोटो आणि खाली लांबलचक माहिती. तिचा गोषवारा असा. मध्ययुग म्हणजे युरोपचं अंधारयुग. लोक अडाणी, गणित आणि शास्त्र शून्य. तरीही एवढी प्रचंड चर्च उभी राहिली, त्याअर्थी ती कुठल्या तरी हरवलेल्या प्रगत संस्कृतीची असणार, नाहीतर हजारो वेठबिगारांना चाबकाखाली राबवून शेकडो वर्षांत रचलेली. आत काळोख आणि राखाडी दगड, बाहेर सैतानाच्या मूर्ती. खिडक्यांतली चित्रं अडाणी जनतेला धाकात ठेवण्यासाठी. त्या काचा आजही हळूहळू खाली वाहत आहेत, आणि त्यांच्या निळ्या रंगाचं गुपित कायमचं हरवलं आहे. बांधणारे सगळे निनावी, आणि आज हे कुणाला जमणार नाही. आणि शेवटची ओळ: "तेव्हा आपल्याकडे कैलास लेणं तयार होतं!"

माझ्या मामेभावाने हे मनापासून पाठवलं होतं. त्याला खरंच नवल वाटलं होतं. मी गेली वीस वर्षं या इमारतींबद्दल मिळेल ते वाचते आहे, दोनदा पदरमोड करून पाहायलाही गेले आहे. म्हणून त्याला दोन ओळींत "खोटं आहे" एवढंच लिहून गप्प बसणं मला जमलं नाही. हे उत्तर त्याच्यासाठी, आणि ज्यांच्या ज्यांच्याकडे तो मजकूर पोचला त्यांच्यासाठी.

शेवटच्या ओळीपासून सुरुवात करते, कारण बहुतेकांनी मजकूर पुढे ढकलला तो तिच्याचमुळे. कैलास लेणं आठव्या शतकातलं, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातलं. फ्रान्समधलं शार्त्रचं कॅथीड्रल, म्हणजे बिशपचं मुख्य चर्च, आज दिसतं तसं बांधायला घेतलं ते ११९४ च्या आगीनंतर. मध्ये चारशे वर्षं गेली. शार्त्रच्या जवळपासच्या काळातलं आपल्याकडचं काम बघायचं तर सिन्नरच्या गोंदेश्वराकडे जावं लागेल. आणि कैलासाबद्दलही "हे माणसाचं काम नव्हेच, परग्रहावरच्यांचं" असे मजकूर फिरतात, तेव्हा आपल्याला राग येतो ना? बडोद्याला सापडलेल्या नवव्या शतकातल्या राष्ट्रकूट ताम्रपटात त्या देवळाचं वर्णन आहे. काम पाहून देव थक्क झाले आणि घडवणारा स्वतःच म्हणाला, "अरे, हे मी केलं तरी कसं!" ज्या कारणाने तो राग येतो, त्याच कारणाने मी शार्त्रची बाजू घेते आहे.

आता "गणित नव्हतं, म्हणजे हरवलेल्या संस्कृतीचं काम" हा मुद्दा. यावर जरा जास्त थांबते, कारण मजकुराचा सगळा डोलारा यावर उभा आहे.

आज इंजिनिअर करतात तसा बलांचा हिशोब, म्हणजे दगडावर किती ताण येईल याचं आकड्यांतलं गणित, त्या मिस्त्रींकडे नव्हतं हे खरं. भूमिती मात्र होती, आणि ती हातात मुरलेली होती. कंपास, गुण्या, दोरी, ओळंबा. एक चौकोन काढायचा, त्याच्या आत तिरका दुसरा, त्याच्या आत तिसरा, आणि त्यातून मनोऱ्याच्या टोकाची मापं काढत जायचं. ही पद्धत इतकी रूढ होती की १४८६ मध्ये रेगेन्सबुर्गच्या माथेस रोरित्सर नावाच्या मुख्य गवंड्याने ती पायरीपायरीने छापून काढली. इंग्लंडमध्ये यॉर्क आणि वेल्सच्या कॅथीड्रलांत गवंड्यांच्या आखणीच्या खोल्या अजून आहेत. जमिनीवर गुळगुळीत गिलावा, आणि त्यावर टोकदार हत्याराने खऱ्या मापात ओरखडून काढलेल्या कमानी. तिथल्या आखणीवरून लाकडी फर्मा कापायचा, फर्मा पाथरवटाला द्यायचा, पाथरवट त्याबरहुकूम दगड घडवणार. शेकडो दगड वेगवेगळ्या हातांनी घडले तरी वर एकमेकांत बसतात ते फर्म्यामुळे.

जर्मनीतल्या कोलोनचं कॅथीड्रल १२४८ मध्ये सुरू झालं आणि सोळाव्या शतकात काम थांबलं. अर्धवट बुरुजावर मध्ययुगीन लाकडी क्रेन तशीच उभी राहिली, सुमारे तीनशे वर्षं. शहराच्या जुन्या चित्रांत ती ठळक दिसते. पुढे १८१४ मध्ये दर्शनी भागाच्या मध्ययुगीन नकाशाचा एक अर्धा भाग दार्मश्टाटला सापडला, दोन वर्षांनी दुसरा पॅरिसला. चर्मपत्राचे तुकडे जोडून केलेलं, चार मीटरहून उंच रेखाटन. एकोणिसाव्या शतकातल्या लोकांनी तोच नकाशा समोर ठेवून १८८० मध्ये दोन्ही मनोरे पुरे केले. सहाशे वर्षांपूर्वीच्या मिस्त्रीची आखणी वाचून काम पुढे नेता आलं, इतकी ती नेमकी होती.

गणितावरून भांडणंसुद्धा झाली आहेत आणि ती लिहून ठेवलेली आहेत. मिलानचं कॅथीड्रल १३८६ मध्ये सुरू झालं. उंची चौकोनाच्या हिशोबाने धरायची की त्रिकोणाच्या, यावर इतके मतभेद झाले की १३९१ मध्ये पिआचेन्झाहून गाब्रिएले स्तोर्नालोको नावाच्या गणितज्ञाला बोलावलं गेलं. १४०० मध्ये पॅरिसहून आलेला जाँ मिन्यो याने स्थानिक मिस्त्रींच्या कामातल्या दोषांची यादीच मांडली. मिलानवाले म्हणाले, शास्त्र वेगळं आणि कारागिरी वेगळी. तो म्हणाला, शास्त्रावाचून कारागिरी म्हणजे काहीच नाही. शेवटी मिन्योलाच परत जावं लागलं आणि कॅथीड्रल मिलानच्या मिस्त्रींनी बांधलं, ते आजही उभं आहे. मला या वादात दोन्ही बाजू पटतात. मुद्दा एवढाच की ज्या लोकांकडे गणित "शून्य" होतं म्हणतात, ते गणितावरून इतके तावातावाने भांडत होते.

आणि चुका. हरवलेल्या प्रगत संस्कृतीने बांधलं असतं तर बोव्हेचं काय सांगणार? फ्रान्समधल्या बोव्हेचं काम १२२५ मध्ये सुरू झालं. वेदीकडच्या भागाचं कमानदार छत तब्बल ४८ मीटरवर नेलं, म्हणजे पंधरा मजली इमारतीइतकं. १२७२ मध्ये ते पुरं झालं आणि १२८४ मध्ये त्यातला काही भाग कोसळला. मग आधीच्या दोन खांबांच्या मध्ये आणखी एक खांब घालून ते पुन्हा उभारलं. आज बघताना ते मधले खांब ओळखू येतात, ठिगळासारखे. पुढे मधोमध १५० मीटरहून उंच मनोरा उभा केला, तोही १५७३ मध्ये पडला. लोकांना बसण्याचा लांबलचक भाग तिथे कधी बांधलाच गेला नाही. बोव्हे म्हणजे हात न राखता, शिकत शिकत, धाडस करत, पडत-झडत काम करणाऱ्या माणसांचा पुरावा आहे, दगडात मांडलेला.

२०१९ च्या आगीनंतर नोत्र दामच्या जळालेल्या भिंती तपासताना संशोधकांना दगड एकमेकांना जखडणाऱ्या लोखंडी कड्या मोठ्या संख्येने आढळल्या, त्याही ११६० च्या दशकापासूनच्या. हा निष्कर्ष २०२३ मध्ये प्रसिद्ध झाला. इतक्या सुरुवातीपासून इतकं लोखंड वापरणारं या शैलीचं, म्हणजे गॉथिक शैलीचं, दुसरं कॅथीड्रल माहीत नाही. जळालेला ओक लाकडाचा सांगाडाही आजच्या सुतारांनी कुऱ्हाडीने तासून, जुन्याच पद्धतीने पुन्हा उभा केला आणि डिसेंबर २०२४ मध्ये दारं उघडली. "हे आज कुणाला जमणार नाही" या वाक्यावर दुसरं उत्तर द्यायची गरज उरत नाही.

आता वेठबिगारी. इंग्लंडमध्ये वेस्टमिन्स्टर ॲबीच्या कामाचे १२५३ सालचे आठवड्याआठवड्याचे हिशोब शिल्लक आहेत. किती पाथरवट, किती सुतार, किती लोहार, किती काचकाम करणारे, किती मजूर, आणि कुणाला किती पैसे. अनेक चर्चांच्या दगडांवर बाण, तारा, त्रिकोण अशा खुणा कोरलेल्या दिसतात. पाथरवटाने घडवलेल्या दगडांवर आपली खूण करायची आणि नगावर मजुरी घ्यायची, असा त्यातल्या पुष्कळ खुणांचा अर्थ. थंडी पडली की चुना धरत नाही, म्हणून हिवाळ्यात भिंतींच्या माथ्यावर पेंढा आणि शेण घालून काम थांबवत आणि चुनाकाम करणाऱ्यांना घरी पाठवत. वेठबिगाराला असं कुणी सोडत नाही. इंग्लंडचे राजे स्वतःच्या किल्ल्या-वाड्यांसाठी कारागिरांना सक्तीने बोलावून घेत हे खरं आहे, पण तिथेही मजुरी मोजावी लागे.

यातला एक माणूस मला जवळून दाखवायचा आहे. ५ सप्टेंबर ११७४ ला कँटरबरीच्या कॅथीड्रलला आग लागली. शेजारच्या घरांच्या आगीतल्या ठिणग्या वाऱ्याने उडून शिशाच्या पत्र्याखाली शिरल्या आणि आतल्या आत लाकूड पेटलं. तिथल्या गर्व्हेस नावाच्या मठवासीयाने पुढची सगळी हकीकत लिहून ठेवली आहे. फ्रान्स आणि इंग्लंडमधून मिस्त्री बोलावले. कुणी म्हणे खांब दुरुस्त करा, कुणी म्हणे सगळं पाडा. मठाने निवड केली फ्रान्समधल्या सान्सच्या विल्यमची. त्याला पहिल्या पाहणीतच कळलं होतं की सगळं उतरवावं लागणार. पण मठवासी इतके खचलेले होते की त्याने ते लगेच सांगितलं नाही. काही दिवस जाऊ दिले, त्यांची मनं जरा सावरल्यावर सांगितलं. समुद्रापलीकडून, नॉर्मंडीतल्या काँहून दगड आणवला. जहाजांवर दगड चढवा-उतरवायला यंत्रं तयार केली. पाथरवटांना फर्मे दिले.

पाचव्या वर्षी, ११७८ मध्ये, उंच छताच्या कमानीखालचा लाकडी साचा लावत असताना त्याच्या पायाखालच्या तुळया मोडल्या. दगड आणि लाकडांसकट तो सुमारे पन्नास फूट खाली आला. दुसऱ्या कुणालाही इजा झाली नाही. मग त्याने अंथरुणातून काम चालवलं. एका तरुण मठवासीयाला मध्यस्थ नेमलं, आधी काय, नंतर काय, हे पडल्या पडल्या सांगत राहिला. त्या तरुणाचा इतरांना मत्सर वाटला, हेही गर्व्हेस नोंदवतो. वैद्यांचे उपाय चालेनात तेव्हा विल्यम काम सोडून फ्रान्सला परतला. त्याच्या जागी आला दुसरा विल्यम, इंग्रज. गर्व्हेसने त्याचंही वर्णन केलं आहे: अंगाने लहानसा, पण नाना प्रकारच्या कामांत हुशार आणि प्रामाणिक. त्याने ११८४ पर्यंत काम पुरं केलं. निनावी गुलामांच्या कळपाबद्दल असं कुणी लिहीत नाही.

मात्र पैसा कुठून आला हा प्रश्न मजकुराने नीट विचारलाच नाही, आणि तो विचारायला हवा. बिशप आणि मठांची जमीन कसणाऱ्या शेतकऱ्यांचा सारा त्यात होता, संतांच्या अवशेषांच्या मिरवणुका काढून गोळा केलेली वर्गणी होती, पापातून सूट देण्याच्या बदल्यात घेतलेलं दान होतं. फ्रान्समधल्या रॅंसमध्ये १२३३ साली शहरवासी आर्चबिशपविरुद्ध उठले आणि कॅथीड्रलचं काम काही वर्षं ठप्प झालं. चर्चमधूनही आवाज उठला. सेंट बर्नार्ड या मठवासी संताने ११२५ च्या सुमारास लिहिलं की चर्च आपल्या दगडांना सोन्याने मढवतं आणि आपल्या लेकरांना उघडं ठेवतं. ही टीका खरी आहे आणि ती त्याच काळातली आहे. चाबूक आणि गुलाम यांची कपोलकल्पित गोष्ट सांगून ती खरी टीका झाकली जाते, याचं मला वाईट वाटतं.

"शेकडो वर्षं लागली." काहींना लागली, पैसे संपले म्हणून. इंग्लंडमधल्या सॉल्झबरीचा मुख्य भाग १२२० ते १२५८, म्हणजे ३८ वर्षांत झाला. शार्त्रचा मोठा भाग आगीनंतर तीसेक वर्षांत छतापर्यंत पोचला होता. पॅरिसची सेंत-शापेल, म्हणजे राजाचं खासगी चर्च, साताठ वर्षांच्या आत बांधून २६ एप्रिल १२४८ ला तिचं अर्पण झालं.

सेंत-शापेलचं नाव निघालंच आहे तर काळोखाचा मुद्दा तिथेच घेते. वरच्या मजल्यावर पाऊल टाकलं की भिंती दिसतच नाहीत. सुमारे १५ मीटर उंचीच्या १५ खिडक्या, त्यांत ११०० हून अधिक प्रसंग, आणि मध्ये दगडाचे बारीक दांडे. या गॉथिक शैलीचा सगळा खटाटोप उजेडासाठी होता. छताचा भार बरगड्यांसारख्या दगडी कमानींनी ठराविक खांबांवर आणायचा, तो बाहेर ढकलतो म्हणून भिंतीबाहेरून तिरक्या कमानींचा टेकू द्यायचा, आणि मग मधली भिंत मोकळी झाली की तिथे काच. पॅरिसजवळच्या सेंत-दनी मठाचा प्रमुख सुजे याने ११४४ मध्ये वेदीभोवतीचा नवा भाग पुरा केला, आणि त्याच्या लिखाणात पुन्हा पुन्हा एकच गोष्ट येते: उजेड.

राखाडी दगडही आपण पाहतो तो धुरामुळे आणि झिजेमुळे. फ्रान्समधल्या आमिएँच्या कॅथीड्रलच्या दर्शनी भागावरची काजळी १९९० च्या दशकात लेझरने उतरवली तेव्हा पुतळ्यांच्या घड्यांत जुन्या रंगाचे अंश सापडले. आता उन्हाळ्यात रात्री तिथे प्रकाशाने ते रंग पुतळ्यांवर पाडून दाखवतात. स्पेनमधल्या सांतियागोच्या कॅथीड्रलचं शिल्पांनी भरलेलं मोठं द्वार २०१८ मध्ये साफ होऊन खुलं झालं, त्यातही रंगांचे थर उजेडात आले. शार्त्रला मी गेले तेव्हा आतली सफाई बरीच झालेली होती. पायऱ्या चढून आत जाताना मनात तीच जुन्या फोटोंतली काळीशार गुहा होती. समोर आल्या सायीच्या रंगाच्या भिंती आणि त्यांवर पांढऱ्या रेघांनी रंगवलेले खोटे सांधे, जणू दगड एकसारखे चिरलेले आहेत. तो तेराव्या शतकातल्या रंगकामाचा शोध घेऊन परत आणलेला रंग. या सफाईवर कडक टीका झाली, अजून होते. जुनी काजळी लोकांना प्रिय होती. मलाही पहिली दहा मिनिटं ओळखीचं काहीतरी हरवल्यासारखं वाटलं. मग दुपारचं ऊन पश्चिमेच्या खिडक्यांतून आलं आणि निळे-लाल ठिपके त्या फिक्या भिंतीवरून सरकताना दिसले. काळ्या भिंतीवर ते दिसलेच नसते.

सैतानाच्या मूर्तींबद्दल थोडक्यात. भिंतीबाहेर डोकं काढून जबडा वासलेले ते प्राणी म्हणजे पन्हळी आहेत. छतावरचं पाणी त्यांच्या घशातून भिंतीपासून लांब फेकलं जातं, नाहीतर चुन्याचे सांधे धुऊन जातील. मुंबईकरांना हे बघायला फ्रान्सला जायला नको. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस १८७८ ते १८८८ मध्ये बांधलं ते याच शैलीच्या पुनरुज्जीवनातून, आणि त्यावरचं बरंच शिल्पकाम जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या विद्यार्थ्यांनी केलं. वर मान करून पाहिलं की तसलेच प्राणी दिसतात. आणि नोत्र दामच्या सज्जात हनुवटीवर हात टेकून बसलेला जो शिंगवाला प्राणी मजकुरासोबत फिरतो, तो मध्ययुगातला नाहीच. एकोणिसाव्या शतकातल्या दुरुस्तीत व्हियोले-ल-द्युक या वास्तुकाराच्या देखरेखीखाली तो बसवला गेला.

"चित्रं अडाण्यांसाठी." याचं मूळ पोप ग्रेगरीच्या एका पत्रात आहे. सन ६०० च्या सुमारास मार्सेच्या बिशपने चर्चमधली चित्रं फोडली, तेव्हा ग्रेगरीने त्याला सुनावलं की वाचणाऱ्याला जे अक्षरांतून मिळतं ते न वाचणाऱ्याला चित्रातून मिळतं. पत्र खरं आहे. पण पाचसहाशे वर्षांनंतरच्या खिडक्यांना तेच लागू करून मोकळं होणं चुकीचं आहे. कँटरबरीच्या खिडक्यांत बायबलच्या जुन्या करारातला प्रसंग आणि नव्या करारातला प्रसंग शेजारीशेजारी मांडून भोवती लॅटिन ओळी लिहिल्या आहेत. लॅटिन न येणाऱ्याला तो दुवा कळणं कठीण. सुजे तर स्वतःच सांगतो की त्याच्या वेदीवरच्या कामाचा अर्थ नुसत्या डोळ्यांना उमगणार नाही, म्हणून त्याने त्यावर पद्य लिहिलं. शार्त्रच्या वरच्या खिडक्यांमधले बारकावे खालून नीट दिसतही नाहीत. म्हणजे ही चित्रं पंडितांसाठी होती, देवासाठी होती, आणि साध्या माणसांसाठीही होती. त्याच शार्त्रच्या खिडक्यांत खालच्या बाजूला चांभार जोडा शिवताना दिसतो, बेकरीवाला पाव विकताना, चाकं करणारा सुतार चाक जोडताना, पाथरवट राजाचा पुतळा घडवताना. त्या त्या धंद्याच्या लोकांनी खिडकीचे पैसे दिले की नाही यावर अभ्यासकांत वाद आहे. पण देवळाच्या काचेत चांभाराचा चेहरा आहे, एवढं तरी निर्विवाद.

धाक नव्हता असं मी म्हणणार नाही. शेवटच्या न्यायाचे देखावे, नरकाचे जबडे दारांवर आहेत. आणि त्याहून वाईटही आहे. स्ट्रासबुर्गच्या दारावर दोन स्त्रियांचे पुतळे होते: एक मुकुटधारी, ताठ, ती चर्च; दुसरी डोळ्यांवर पट्टी बांधलेली, मोडका भाला धरलेली, ती ज्यूंचं धर्मस्थान. दुसरी इतकी सुंदर घडवली आहे की तिच्यासमोर पाहणाऱ्याला अपराधी वाटावं. सेंत-शापेल बांधणाऱ्या राजा लुई नवव्याच्याच काळात पॅरिसमध्ये ज्यूंच्या तालमूद या धर्मग्रंथाची गाडाभर नव्हे, गाड्याच्या गाड्या हस्तलिखितं जाळली गेली. त्या काळात अंधार शोधायचा असेल तर तो इथे आहे. मजकुरात याचा एक शब्द नाही.

काचेबद्दल. जुन्या तावदानांची खालची कड कधीकधी जाड असते, त्यावरून "काच वाहते" ही समजूत निघाली. तेव्हा काच फुंकून, चकती फिरवून किंवा नळकांडं उलगडून ताव करत, आणि तो ताव सगळीकडे सारख्या जाडीचा होतच नसे. बसवणारा पुष्कळदा जाड कड खाली ठेवी; पण वर किंवा बाजूला जाड असलेली तावदानंही आहेत. वाहणारी काच वर कशी चढली? २०१७ मध्ये वेस्टमिन्स्टर ॲबीच्या काचेसारख्या घटकांची काच घेऊन मोजमाप झालं: साध्या तापमानाला ती शंभर कोटी वर्षांत फार तर एक नॅनोमीटर सरकेल. रोमन काळातले काचेचे पेले त्याहून हजार वर्षं जुने, आणि ते ओघळलेले नाहीत.

निळ्याचं गुपितही हरवलेलं नाही. रंग कोबाल्टचा. बाराव्या शतकाच्या सुरुवातीला थिओफिलस हे नाव घेतलेल्या एका मठवासी कारागिराने काचेची कृतीच लिहून ठेवली: बीच झाडाची राख दोन भाग, वाळू एक भाग. तो हेही सांगतो की फ्रान्सचे कारागीर जुन्या मूर्तिपूजकांच्या इमारतींत मिळणारी निळी भांडी वितळवून निळे ताव करतात. चुन्याने सारवलेल्या फळीवर चित्र काढायचं, कुठल्या तुकड्याला कुठला रंग याची अक्षरं लिहायची, तापल्या लोखंडाने काच तडकवायची, कडा कुरतडून नेमका आकार आणायचा, तांब्याची भुकटी आणि कुटलेली काच दारूत नाहीतर मुतात कालवून नाक-डोळे रंगवायचे, भट्टीत भाजायचं, आणि शेवटी तुकडे शिशाच्या पट्टीत गोधडीसारखे शिवायचे. सगळं लिहिलेलं आहे. आपण वाचलं नाही एवढंच.

आणि "निनावी". बहुतेकांची नावं खरंच गेली, जशी सगळीकडच्या कष्टकऱ्यांची जातात. सगळ्यांची नाही. आमिएँच्या फरशीवर १२८८ मध्ये दगडी चक्रव्यूह बसवला, त्यात तीन मुख्य मिस्त्रींची नावं होती: रोबेर द ल्युझार्श, तोमा द कॉर्माँ आणि त्याचा मुलगा रनो. त्याच चक्रव्यूहातून लोक चालत जात, म्हणजे मिस्त्रीचं नाव बिशपच्या नावाशेजारी, सगळ्यांच्या पायाखाली आणि डोळ्यांसमोर. रॅंसमध्ये १२६३ साली वारलेल्या युग लिबर्जिएची थडग्याची शिळा आहे: हातात छोटं चर्च आणि मोजपट्टी, पायांजवळ गुण्या आणि कंपास. सांतियागोच्या द्वारावर मातेओ या मुख्य मिस्त्रीचं नाव आणि ११८८ हे साल कोरलेलं आहे. इटलीत मोदेनाच्या भिंतीवर विलिजेल्मोची शिल्पकारांमधली थोरवी लॅटिनमध्ये लिहिली आहे. रूआँच्या एका खिडकीवर शार्त्रच्या क्लेमाँने "हे मी केलं" अशी सही केली आहे. स्पेनमध्ये ९७५ साली एंदे नावाच्या बाईने एका सचित्र हस्तलिखिताच्या शेवटी स्वतःला चित्रकर्ती म्हणवून घेतलं.

माझा सगळ्यांत आवडता आहे गेर्लाखुस. जर्मनीतल्या आर्नश्टाइन मठासाठी त्याने ११५० ते ११६० च्या सुमारास खिडक्या केल्या. त्यातली एक आज म्युन्स्टरच्या संग्रहालयात आहे. वर बायबलमधला मोझेस आणि जळतं झुडूप, आणि खाली, अगदी तळाशी, गेर्लाखुस स्वतः. छातीपर्यंतच दिसतो. एका हातात रंगाचं भांडं, दुसऱ्या हातात कुंचला. त्या कुंचल्याने तो आपल्याभोवती ओळ लिहितो आहे: "हे तेजस्वी राजाधिराजा, गेर्लाखुसवर कृपा कर."